बसून बोलणारा यादवभाऊ

यादवभाऊ भाषण बसूनच करायचा. माइक हाती आला की बाकीचे पुढारी ताठ उभे राहत, हा मात्र सतरंजीवर मांडी ठोकून म्हणायचा, "उभा रायलो का मी पुढारी वाटतो न् तुमी पब्लिक. बसूनच बोलू द्या." लांबच्यांना तो दिसायचाच नाही, आवाज तेवढा ऐकू यायचा.

आमच्या दिघोरीच्या ढिवर घरातला तो. पहाटे तळ्यावर मासे धरून मग तालुक्याच्या कॉलेजात यायचा. वासानं कोणी नाक मुरडलं की विचारायचा, "खाताना नाई येत वास?" संध्याकाळची एसटी बंद झाली तेव्हा त्याचं काहीच अडलं नव्हतं, त्याच्याकडे सायकल होती. अडलं आम्हा पोरींचं. "गाडी नाई तं कॉलेज नाई," असं माझ्या बाबांनी सांगूनच टाकलं. हे कळल्यावर दुसऱ्याच दिवशी त्यानं आम्हा सगळ्यांना डेपोसमोर धरण्यावर बसवलं. पोरं आपसांत भांडली की म्हणायचा, "जाळं ओढताना एकानं हात सोडला का साऱ्यायचे मासे गेले."

एप्रिलचं ऊन, मंडप एवढासा. सावली पोरींना देऊन तो डांबराच्या कडेला बसला. मी पाण्याची बाटली नेली तर न घेताच हसला. "मले काय होते वं? सुट्टीत दिवसभर उन्हातच तं रायतो मी."

खरंच राहायचा, पण कमरेएवढ्या पाण्यात उभा. हे ना त्याच्या ध्यानात आलं, ना आमच्या. तिसऱ्या दुपारी तो भलतंसलतं बरळू लागला आणि दवाखान्यात पोचेपर्यंत संपला. त्या बाटलीसाठी मी भांडायला हवं होतं. ते अजून सलतं.

पोरींना घरच्यांनी परत नेलं, मलाही. धरण्यावर सहा-सात पोरं उरली, तीही हाती दगड घेऊन. पाचव्या दिवशी यादवभाऊची आई, यमुनामावशी, आमच्या दारात आली. बाबांना म्हणाली, "पोरीले नेतो. सांजेले आणून देतो." बाबांना मान वर करवेना. अशीच घरोघर फिरून तिनं सगळ्या पोरी गोळा केल्या. डेपोसमोर पोरांच्या हातातले दगड पाहून म्हणाली, "ठेवा ते खाली. माहा पोरगा दगड माराले बसला होता का इथं?" मग त्याच डांबरावर तीही बसली. दुसऱ्या दिवसापासून आमच्या आयाही येऊ लागल्या.

पंधरवड्यात गाडी सुरू झाली. पहिल्या संध्याकाळी मावशी आमच्यासोबत चढली. दिघोरी आली, पोरी उतरल्या. ती जागची हलेना.

"मावशी, आपलं गाव आलं."

"तू जाय. बाबा वाट पायत असन," ती खिडकीचा गज धरून म्हणाली. "पुढच्या गावात कोणाकोणाच्या पोरी उतरतेत, तेवढं पायतो."

"आन् वापस कशी येशीन?"

"चालत येईन वं. पाहू दे मले."