फडकं घेऊन उभा असलेला माणूस

दीनानाथ काळसेकर हॉलंडातल्या फेल्डहोवनच्या मराठी मंडळातला नावाजलेला नट होता, असं म्हणता आलं असतं. पण नाव व्हायला मुख्य भूमिका लागते आणि ती दर गणपतीत अभिजितकडे जायची. अभिजित मंडळाचा अध्यक्ष. सभागृह तोच मिळवून द्यायचा, त्यामुळे नायकाला शोभणारा चेहरा त्याचाच आहे हे सगळ्यांना आपोआप पटलं होतं. दीनानाथच्या वाट्याला पोस्टमन आला, नायिकेचा काका आला, हवालदार आला आणि एका वर्षी तर प्रेत. प्रेत फार गाजलं. अंकभर श्वास दिसला नाही, अशी पावती खुद्द अभिजितने दिली.

दीनानाथचा आदर्श एक म्हातारा जपानी नट होता. आयुष्यभर सिनेमात नायकाच्या मागे छत्री धरून उभा राहिलेला. त्याच्याकडे बघताना नायक काय बोलतोय हे विसरायला व्हायचं. त्याचे सिनेमे लावले की दीनानाथची बायको शर्मिला पाचव्या मिनिटाला झोपायची, पण दीनानाथ ते पुन्हा पुन्हा बघायचा.

शर्मिलाच्या नोकरीमागे तो मिरजेची बँक सोडून इथे आला होता. दिवसा सुपरमार्केटात डबे लावायचा. आईने फोनवर "तिकडं करतोस तरी काय?" विचारलं की सांगायचा, "नाटकात काम करतो." आईने ते गल्लीभर केलं. मुलगा हॉलंडात नट आहे म्हटल्यावर बँकेचं दुःख जरा कमी व्हायचं. प्रत्यक्ष तिने त्याला रंगमंचावर कधी पाहिलं नव्हतं.

मग कोरोना आला आणि दोन हजार वीसच्या गणपतीत नाटक ऑनलाइन करायचं ठरलं. प्रत्येकाने आपापल्या घरातून, लॅपटॉपसमोर. म्हणजे मिरजेतूनही दिसणार! दीनानाथला रात्रभर झोप आली नाही. भूमिका नोकराची, वाक्यं दोन. अभिजितने तालमीत तीही कापली, कारण म्हणे नेटवर ताण येतो. अभिजितच्या चार पानी स्वगताने मात्र नेटला बरं वाटत असावं.

"नुसता फडकं घेऊन उभा राहा. तुझ्या उभं राहण्यात दम आहे," अभिजित म्हणाला.

दीनानाथने दम एकवटला. नाटकाच्या दिवशी धोतर नेसून, फडकं घेऊन तो आपल्या दिवाणखान्यात उभा राहिला. तालमीत सगळ्यांचे चौकोन शेजारी शेजारी दिसायचे. पण ऐन प्रयोगाला अध्यक्षांनी एक सोय शोधून काढली: जो बोलेल तोच पडदाभर दिसेल, बाकीचे गायब.

अभिजितचं स्वगत सुरू झालं. दीनानाथ मन लावून ऐकत होता, फडकं झटकत होता, मालकाच्या दुःखाने डोळे पुसत होता. तेवढ्यात कॅमेऱ्याच्या मागून शर्मिलाने फोन पुढे धरला. आईचा मेसेज होता: "दीनू, दिसत नाहीस. सगळे आलेत. मी चुकीचं नाटक लावलंय का?"

तो कॅमेऱ्याजवळ आला, मागे गेला, फडकं जोरजोरात झटकलं. पण फडक्याला आवाज नसतो. बोलावं तर अभिजितचं स्वगत मोडणार, पुढच्या वर्षी प्रेतही मिळणार नाही. त्या जपानी म्हाताऱ्याने काय केलं असतं, हा विचार करायलाही वेळ नव्हता.

दीनानाथ खोकला.

एरवी खोकल्याची दखल कोण घेतं? पण त्या वर्षी खोकला म्हणजे नायकापेक्षा मोठी गोष्ट. पडदाभर धोतरातला दीनानाथ आला. अभिजितचं स्वगत जागच्या जागी थांबलं. "टेस्ट केलीस का?" नायिकेने आपल्या घरातून घाबरून विचारलं, जणू खोकला वायरमधून येणार होता.

प्रेक्षकांनी माइक बंद ठेवावेत ही सूचना आईने वाचली होती. पण मुलगा खोकल्यावर सूचना कोण पाळतं! आता पडदाभर मिरजेचं स्वयंपाकघर आलं, मागे दारात मास्क लावलेली गल्ली.

"दीनू, कधीपासून खोकतोयस रे?"

"खोकला नाही गं आई," दीनानाथ म्हणाला. "नाटकातलं काम आहे ते. माझं."

आईने मागे वळून कुणाला तरी पुढे बोलावलं.

"मग परत एकदा खोक की. शामलाबाई आत्ता आल्या, त्यांचं बघायचं राहिलं."

अभिजित आपल्या घरात शेरवानी घालून वाट बघत होता. दीनानाथने फडकं खांद्यावर टाकलं आणि पुन्हा खोकला.