दोन दिवसांची सुट्टी

लढाई सुरू झाली तशी शहरातल्या पैसेवाल्यांनी एकेका सैनिकाची जबाबदारी पत्करली. त्याला मोजे, बिस्किटं, पत्रं पाठवायची आणि सुट्टी मिळाली की घरी ठेवून घ्यायचं. माझ्या आत्याच्या वाट्याला आलेला पोरगा पोरका होता, म्हणजे सुट्टीत तो येणार तिच्याकडेच.

आत्याचा बटणांचा कारखाना होता आणि मी तिथला व्यवस्थापक. बंगला आणि कारखाना यांच्यामध्ये एकच भिंत. आतोबा गेल्यापासून ती यंत्रं दोन पाळ्यांत चालवायला लावायची, मालाला गिऱ्हाईक नसलं तरी. मी कुरकुर केली की म्हणायची, “बंद पडली की घर खायला उठतं रे.”

पोरगा येणार म्हटल्यावर तिच्या अंगात बारा हत्तींचं बळ आलं. त्याला काय काय विचारायचं, हे ती चार दिवस माझ्यापुढे घोकत होती. “अगं, पाहुणा आहे तो, साक्षीदार नव्हे,” मी चिडवलं.

तो आला. बूट काढून “काकू, जरा पडतो” म्हणाला आणि ढाराढूर झोपला. तेवढ्यात पलीकडे दुसऱ्या पाळीची यंत्रं धडधडली. त्याने झोपेतच दचकून दोन्ही हात डोक्यावर घेतले, हे आत्याने मला नंतर सांगितलं. आत्या अनवाणी धावत कारखान्यात आली.

“बंद कर सगळं!”

“आत्या, पण माल...”

“बंद कर म्हटलं ना!”

दोन दिवस कारखाना गप्प होता. आत्या त्याच्या दाराबाहेर खुर्ची टाकून बसली, एकटी, ज्या शांततेला ती इतकी वर्षं घाबरत आली त्याच शांततेत. तो पाणी प्यायला तेवढा उठायचा. तिसऱ्या सकाळी गाडी दारात आली. त्याने उभ्या उभ्याच चहा घेतला.

“काकू, बोलायचंच राहिलं.”

“पुढच्या वेळी बोलू,” आत्या म्हणाली.

पंधरा दिवसांनी त्याचं पत्र आलं. तुमच्याकडे झोप लागते असं इथे सांगितलं, आणखी तिघांना एकेक करून यायचंय, चालेल का?

“धर्मशाळा झाली की गं तुझी!” मी हसलो.

ती हसली नाही. “येऊ देत. तसं लिही.” मग म्हणाली, “तू बसतोस का थोडा वेळ? असंच.”

मी घड्याळ पाहिलं. “उद्या बसतो,” म्हणालो आणि निघालो.

भिंतीपलीकडे मी रोज दहा तास असायचो. त्या ‘उद्या’ची मला अजून लाज वाटते.