अक्कांचा बंडू

माझ्या सासूबाई बसत नसत. जेवण ओट्याला टेकून, चहा फाटकाशी, टीव्हीवरची मालिका स्वयंपाकघराच्या दारात हातात सूप घेऊन, आणि फोन तर अंगणात येरझाऱ्या घालत. कुणी "अक्का, बसा ना" म्हटलं की त्यांचं उत्तर ठरलेलं असे, "बठीसन काय करू? बठनं का हाडे गंजतस." धुळ्यात देवपूरच्या आमच्या गल्लीत त्यांना लहानथोर सगळे अक्काच म्हणत, म्हणून लग्नानंतर मीही तेच म्हणू लागले. बेताची उंची, काटक अंग, खोचलेला पदर. चालायच्या इतक्या भराभर की गल्लीतल्या बायका भाजीबाजारात पोचेपर्यंत अक्का कोथिंबिरीचा भाव पाडून परतीच्या वाटेला लागलेल्या असत.

मी मात्र त्यांना पहिल्यांदा पाहिलं ते बसलेलंच. मला बघायला त्या आमच्या जळगावच्या घरी आल्या होत्या, आणि पाहुण्या म्हणून त्यांना सोफ्यावर बसावं लागलं होतं. ते फार वेळ टिकलं नाही. त्याला कारण ब्रूनो.

ब्रूनो माझा कुत्रा. त्याची आई आमच्या कॉलनीतली गावठी कुत्री आणि वडील कुठल्यातरी बंगल्यातले लॅब्रॉडर असावेत, असा आमचा अंदाज. वडिलांकडून त्याला रुंद छाती आणि खादाडपणा मिळाला, आईकडून लांब पाय आणि कुठल्याही भिंतीवरून पलीकडे जाण्याची अक्कल. रंग करपलेल्या गुळाचा. पाहुणे येणार म्हणून त्याला मागच्या दारी बांधून ठेवला होता. मी पोह्यांच्या बशा घेऊन बाहेर आले आणि माझ्या मागोमाग तोही आला, गळ्यात तुटलेली दोरी लोंबकळत. त्याने अक्कांच्या बशीतले पोहे दोन घासांत संपवले, शेपटीच्या एका फटक्यात चहाचा कप उडवला, आणि नवऱ्यामुलाच्या, म्हणजे निलेशच्या, पांढऱ्या शर्टावर दोन्ही पाय ठेवून उभा राहिला. अक्का उठून थेट खिडकीशी. बाबांचा चेहरा पार उतरला.

मी मनाशी म्हटलं, लग्न तर मोडलंच आहे, मग सांगूनच टाकावं. "हा माझ्याबरोबर येणार," मी म्हटलं. "त्याला नाही म्हणणार असाल तर मलाही नाही म्हणा."

निलेश शर्ट झटकत हसला. म्हणाला, "माझी काही हरकत नाही." अक्कांनी आधी कुत्र्याकडे पाहिलं, मग मुलाकडे, मग माझ्याकडे, आणि पदराने हात पुसत म्हणाल्या, "लोके हुंडामा गाडी मांगतस. आपले कुत्रा भेटना!"

असा ब्रूनो माझ्या पाठोपाठ सासरी आला. आल्या दिवशीच अक्कांनी स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी गेरूची जाड रेघ ओढली आणि त्याला बोट दाखवून सांगितलं, "हाई तुनी हद्द." नाव तर त्यांना मुळीच पसंत नव्हतं. "ब्रूनो? जीभले पीळ पडस. बंडू म्हनसू मी याले." पंचाईत अशी की आमच्या समोरच्या घरात खरेखुरे बंडूनाना राहत. पहिले काही दिवस अक्कांनी "बंडू, उतर खाले!" असं ओरडलं की नाना वर्तमानपत्र घेऊन गॅलरीत येत आणि काळजीने विचारत, "काय व्हयनं अक्का?"

मी शाळेत शिकवत होते, निलेश औषधांच्या एजन्सीत. आम्ही दोघं बाहेर पडलो की दिवसभर घरात अक्का आणि साखळीला बांधलेला ब्रूनो. दोघांचंही अंग स्वस्थ बसणारं नाही, पण एक मोकळी आणि दुसरा बांधलेला. त्याने तुळशीची कुंडी उकरली, पायपुसणी फाडली, अक्कांच्या चपलेचा अंगठा खाल्ला, तोही नेमका उजव्या चपलेचा, दोन वेळा. संध्याकाळी मी मोबाइलवर कुत्रा शिकवण्याचे व्हिडिओ बघे आणि हातात बिस्किटं घेऊन "सिट, ब्रूनो, सिट" करत अंगणात उभी राही. तो बिस्किटासाठी बसे आणि बिस्किट गिळलं की उठून पळे. अक्का दारातून बघत. "बिस्कुट संपनं, वळख संपनी," त्या म्हणायच्या. अर्थात त्यांचाही काही इलाज चालत नव्हता. त्यांनी काठी दाखवून पाहिली, त्याला तो खेळ वाटला. दूध-भाकरीचा ढीग घालून पाहिला, तो खाऊन दुप्पट जोराने तुळस उकरू लागला. एकदा मी नको म्हणत असताना त्याला फिरवायला नेलं, आणि मांजर दिसल्याबरोबर त्याने त्यांना गल्लीच्या टोकापर्यंत ओढत नेलं. परत आल्या तेव्हा हाताला दोरीचा वळ होता. मी हळद घेऊन धावले. "ठेव ती हळद," एवढंच म्हणाल्या.

मग आला बिबड्यांचा दिवस. उन्हाळ्यात आमच्याकडे ज्वारीचे बिबडे करतात. आंबवलेल्या ज्वारीचा घाटा शिजवायचा आणि गच्चीवर धोतर अंथरून त्यावर ओल्या हाताने पातळ थापायचा. वर्षभराचं काम, त्यामुळे गल्लीतल्या बायका पहाटेपासून एकमेकींच्या मदतीला येतात. मी शाळेत पेपर तपासत होते. दुपारी घरी आले तर गच्चीवर बायका चिरडलेले बिबडे धोतरावरून खरवडून काढत होत्या. ब्रूनोने साखळीची कडी उपटली होती, जिना चढला होता आणि वाळायला घातलेल्या सगळ्या बिबड्यांवरून या टोकापासून त्या टोकापर्यंत धावला होता. जाताना एकदा, आणि बायका ओरडल्या म्हणून परत येताना एकदा.

अक्का चिडून ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या शांतपणे म्हणाल्या, "सकाय हाऊ मन्हा भाऊकडे जाई."

त्यांच्या भावाची, म्हणजे मामांची, पिंपळनेरकडे शेती होती. दुसऱ्या दिवशी मामा कांद्याची पिकअप घेऊन आले आणि ब्रूनोला मागे बांधून घेऊन गेले. तो भुंकला नाही. त्याला वाटलं असावं, फिरायला चाललोय. निलेश माझ्याकडे बघत होता आणि मी भिंतीकडे. मला अक्कांवर राग धरता येईना. बिबडे त्यांचे होते, घर त्यांचं होतं. पण जेवण मात्र जाईना. ताटावर बसायचे, भात चिवडायचे आणि उठायचे. घर एकदम नीटनेटकं झालं. तुळशीला नवी पालवी आली. कुणी चप्पल उचलून वर ठेवत नव्हतं, तरी चपला जागच्या जागी राहत होत्या.

एका संध्याकाळी शाळेतून आले तर दाराला कुलूप. निलेशला फोन केला. तो म्हणाला, "अक्का पिंपळनेरला गेली. मामाला कैरीचं लोणचं द्यायचं म्हणाली."

"लोणचं? मामांच्याच शेतातल्या कैऱ्या आहेत त्या."

"मी पण तेच म्हटलं," निलेश म्हणाला. "तर म्हणाली, तू गप बठ."

पुढचं मामांनी नंतर फोनवर हसत हसत सांगितलं. ब्रूनो तिथे लिंबाखाली पडून असायचा. भाकरी टाकली तर हुंगायचा आणि मान फिरवायचा. अक्का बसमधून उतरून बांधावरून आल्या तेव्हा त्याने आधी नुसतं नाक वर केलं. मग उठला, आणि असा काही ओरडू लागला की मामांनी घाबरून त्याला सोडला. तो सुसाट आला आणि त्याने अक्कांच्या दोन्ही खांद्यांवर पाय ठेवले. अक्का मातीत, लोणच्याची बरणी फुटलेली, साडीला तेल आणि मोहरी, आणि तो त्यांचं तोंड चाटतोय. "मन्ही बहीनले इतली हासतांना मी कधी देखं नही," मामा म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी पिकअप आमच्या दारात थांबली. पुढे ड्रायव्हरशेजारी अक्का, आणि त्यांच्या मांडीवर निम्मा मावलेला ब्रूनो. मी धावत गेले. तो माझ्या अंगावर, मी रडतेय, बंडूनाना गॅलरीत. अक्का खाली उतरल्या, पदर खोचला आणि मला म्हणाल्या, "तू बोलत नही, ते चालस. तू जेवत नही, ते मन्हा घरमा चालत नही. नि हाऊ बी तठे जेवत नही. दोन्हीसना उपास मी कितला दिन देखू?"

मी वाकून नमस्कार करायला गेले तर म्हणाल्या, "पाया पडानं राहू दे. भाकरी टाक. याले भूक लागनी शे." मग आत जाता जाता, "माले बी."

त्या दिवसापासून साखळी निघाली. अक्कांनी एक निदान करून टाकलं होतं: "याले काम नही, म्हनीसन हाऊ वांदरपना करस. मानुसनं बी तसंच शे." पहाटे त्या त्याला घेऊन पांझरा नदीच्या काठाने चालायला जाऊ लागल्या. मी त्यांना कुत्र्याच्या छातीवरून बांधायचा पट्टा आणून दिला, ओढ बसली तरी हात सोलवटू नये म्हणून. आधी नाकं मुरडली, मग दुसऱ्याच दिवशी शेजारणींना दाखवत सुटल्या, "मन्ही सूननी आना." त्यांच्या वेगाने चालणारा सोबती त्यांना आयुष्यात पहिल्यांदाच मिळाला होता. परत येईपर्यंत ब्रूनोची जीभ बाहेर असे आणि अक्कांच्या कपाळावरचं कुंकू घामाने ओघळलेलं असे. गिरणीत तो बरोबर, बाजारात बरोबर, भाजीच्या पिशव्यांमधली हलकी पिशवी त्याच्या तोंडात. मेथीची जुडी त्याने घरी न पोचवता वाटेतच टाकून दिली असं एकदाच झालं, आणि तेव्हा अक्काच त्याची बाजू घेत म्हणाल्या, "ती मेथीच कडू व्हती."

आणि त्या त्याच्याशी बोलायच्या. दिवसभर. कोणाची मुलगी कुठे दिली, कोणाच्या सुनेला भाकरी थापता येत नाही, दूधवाला किती पाणी घालतो, सगळं. तो मान तिरकी करून ऐके. पुढच्या उन्हाळ्यात बिबडे घातले तेव्हा तो गच्चीच्या दाराशी राखणीला होता. अक्का खालून ओरडायच्या, "बंडू, कावळा!" आणि तो कठड्यापर्यंत झेप घ्यायचा, धोतराच्या कडेकडेने, एकाही बिबड्यावर पाय न देता. माझ्या इंग्रजीचा मात्र त्याने पूर्ण त्याग केला. मी "सिट" म्हटलं की तो अक्कांकडे बघायचा. त्या "बठ" म्हणाल्या की बसायचा.

दिवाळीची एक गोष्ट सांगायची राहिली. त्याला फटाक्यांची भयंकर भीती. लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी गल्लीत माळा लागल्या आणि तो आमच्या पलंगाखाली जाऊन थरथरू लागला. पूजा झाली, प्रसाद वाटायचा तर अक्का कुठे दिसेनात. बघते तो त्या नवी साडी नेसून पलंगाशी जमिनीवर मांडी घालून बसलेल्या, एक हात पलंगाखाली. पाहुणे येत होते, जात होते. "अक्का, बाहेर सगळे विचारताहेत," मी म्हटलं. "सांग त्यासले, अक्का बठेल शे," त्या म्हणाल्या. फटाके थांबेपर्यंत त्या तिथून हलल्या नाहीत.

पुढे मला जळगावच्या एका शाळेत कायम नोकरी मिळाली. निलेशनेही तिकडची एजन्सी बघायचं ठरवलं. अक्कांना चला म्हटलं, तर त्यांनी सरळ सांगितलं, "मी धुळं सोडाव नही." ब्रूनो कुठे राहणार हे कुणी विचारलंच नाही. तो माझा, तो येणार, हे सगळ्यांनी धरून चाललं होतं, मीसुद्धा. निघायच्या दिवशी अक्कांनीच त्याचा वाडगा, पट्टा आणि अंथरायची गोधडी बांधून टेम्पोत ठेवली. टेम्पो दिसल्यावर तो उडी मारून आधीच चढून बसला. अक्का बाहेर आल्या नाहीत. मी आत गेले तर त्या ओट्यापाशी स्वच्छ असलेलाच तवा घासत होत्या.

"अक्का, त्याला बाय करायला या ना."

"नको," त्या तव्याकडे बघत म्हणाल्या. "मी बाहेर उनी ते तो उतरी पडी. मंग तुले वाटी, सासूनी हिसकाई लिन्हा. तुन्हा माहेरना शे तो. लई जाय."

बाहेर निलेश हॉर्न वाजवत होता. मग मी बाहेर गेले, टेम्पोतून गोधडी काढली, वाडगा काढला आणि ब्रूनोला म्हटलं, "उतर." तो काही केल्या उतरेना. शेवटी मी त्याला उचलून, धापा टाकत, स्वयंपाकघरापर्यंत नेलं आणि गेरूच्या रेघेच्या आत, अक्कांच्या पायांशी ठेवलं. त्यांनी तवा सोडला. एका ओल्या हाताने त्याच्या गळ्याला मिठी मारली आणि दुसऱ्या हाताने माझं मनगट घट्ट धरून ठेवलं.

जळगावपर्यंत मी रडत होते. निलेशने दोनदा विचारलं, गाडी वळवू का? मी दोन्ही वेळा नको म्हटलं.

आता सुट्टी लागली की आम्ही धुळ्याला जातो. मी फाटक उघडलं की तो येऊन माझ्यावर आदळतो, गोल गोल फिरतो, कुंई-कुंई करतो, जुन्या ओळखीच्या सगळ्या खुणा देतो. मग आतून अक्कांचा आवाज येतो, "बंडू, सोड तिले! दमी उनी शे पाहुनी." तो मला तिथेच सोडून आत धावत जातो, आणि मी चपला काढून, जरा उंचावर ठेवून, त्या दोघांच्या घरात पाऊल टाकते.