न दिलेलं नाव

"पहले बैठो, बाद में बोलो."

अबू धाबीजवळच्या मुसफ्फातल्या आमच्या वर्कशॉपमध्ये सेफ्टी ऑफिसरच्या केबिनचं दार कोणीही उघडलं, की आतून हे वाक्य ठरलेलं. वेल्डर असो, ड्रायव्हर असो, नाहीतर खुद्द जनरल मॅनेजर. समोरचा माणूस टेकल्याशिवाय हा गृहस्थ एक अक्षर ऐकून घ्यायचा नाही. केबिनमध्ये खुर्च्या दोनच, त्यामुळे रंगाचे रिकामे डबे उलटे करून ठेवलेले. एकदा क्लायंटकडचा सूटबूटवाला कन्सल्टंट तावातावाने तक्रार करायला आला, तर त्यालाही त्यांनी तशाच एका डब्यावर बसवलं. बसल्यावर त्याचा आवाज निम्मा झाला. डब्यावर बसून फार वेळ चिडता येत नाही, हे तुम्हीही करून पाहा.

ते सुदानचे. त्यांच्या देशात मास्तरांना 'उस्ताझ' म्हणतात. ते पूर्वी हायस्कूलात भूगोल शिकवायचे, म्हणून त्यांचे गाववाले त्यांना तशी हाक मारायचे. आमच्या हिंदुस्थानी-पाकिस्तानी पोरांनी त्याचं 'उस्ताद' करून टाकलं. गॅरेजमधल्या मेकॅनिकला म्हणतात तसं. त्यांनी कधी दुरुस्त केलं नाही.

मी तिथे परचेसला. श्रीवर्धनचा माणूस, अबू धाबीत निम्मं आयुष्य गेलेलं. माझ्या मुलीचं नाव सना, म्हणून ते मला 'अबू सना' म्हणायचे, म्हणजे सनाचा बाप. पहिल्या भेटीत त्यांनी विचारलं, "तुझ्या गावाची नदी कोणती?" हा त्यांचा दुसरा ठरलेला प्रश्न. मी म्हटलं, आमच्याकडे समुद्र आणि खाडी. त्यांनी थोडा विचार केला आणि म्हणाले, "चालेल. खाडी म्हणजे पोहोचलेली नदीच." बाडमेरच्या एका हेल्परने आमच्याकडे नदीच नाही म्हणून सांगितलं, तेव्हा त्यांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला, एखाद्याच्या घरी गमी झाल्यावर ठेवतात तसा.

जुम्याची नमाज आम्ही शेजारी शेजारी उभे राहून पढायचो. सुरुवातीला दोन्ही हात कानांपर्यंत न्यायचे असतात. त्यांचा डावा कानाशी जायचा, उजवा छातीशीच थांबायचा. कंपनीत सगळ्यांना वाटायचं, सांधेदुखी आहे. मलाही तसंच वाटायचं.

त्यांचा एक दोस्त होता. त्याचं नाव मी इथे लिहिणार नाही, का ते पुढे कळेल. "ये मेरा दोस्त," अशी ओळख करून दिली, म्हणून आम्ही सगळेच त्याला 'दोस्त' म्हणायचो. दुबईला जुमेरा लेक टॉवर्समध्ये त्याचं ट्रेडिंगचं ऑफिस. दोघं एकाच शाळेत मास्तर होते. दोस्त आधी इकडे आला, धंद्यात जम बसवला आणि मग यांचा व्हिसा त्यानेच करवला. बहुतेक शुक्रवारी तो पांढरी गाडी घेऊन मुसफ्फाला यायचा. घरून डबा असायचा. आपल्या घावनासारखी पातळ आंबूस भाकरी आणि सुक्या भेंडीचं बुळबुळीत कालवण. मलाही ओढून बसवायचे. दोस्त बोलका, हसरा. आल्या आल्या उस्तादांच्या कपाळाचं चुंबन घ्यायचा. निघताना त्यांचा कोट उजवीकडून धरायचा, त्या दुखऱ्या हाताला वर जावं लागू नये असा. काहीही न बोलता. मला वाटायचं, मैत्री असावी तर अशी.

त्यांच्या देशातली ती जुनी लष्करी राजवट उलथली, तेव्हा उस्तादांनी वर्कशॉपमध्ये खजूर वाटले. त्यानंतर काही काळाने लंडनहून एका सुदानी वकीलबाईंचा फोन यायला लागला. त्या राजवटीत ज्यांना उचलून नेलं होतं, त्यांच्या साक्षी त्या गोळा करत होत्या. हे मला उस्तादांनीच सांगितलं, तेही गाडीत, काचा वर करून. इथे राहून असल्या गोष्टी मोठ्याने बोलायच्या नसतात, हे आपल्याला कोणी सांगावं लागत नाही.

"साक्ष द्यायला तुझ्या घरी एक खोली मिळेल का? माझ्या खोलीत आम्ही चौघं आहोत," ते म्हणाले.

शुक्रवारी दुपारी ते आले. हमीदाने, माझ्या बायकोने, तांदळाच्या भाकऱ्या आणि सुरमईचं कालवण केलं होतं. ते नीट जेवले. सनाने लॅपटॉप लावून दिला. "अंकल, लुक हिअर, नॉट ॲट द स्क्रीन," ती म्हणाली आणि दार ओढून गेली. मीही उठलो, तर ते म्हणाले, "तू बस."

माझी अरबी बाजारातली, आणि सुदानी बोली त्याहून वेगळी. पण त्या दिवशी ते वर्गात बोलावं तसं सावकाश, स्वच्छ बोलले. बहुतेक सगळं मला समजलं. समजलं नसतं तर बरं झालं असतं, असं अधूनमधून वाटत होतं.

शिक्षकांची संघटना होती. राजवटीने तिच्यावर बंदी घातली होती. शाळेच्या सायक्लोस्टाइल मशीनवर कोणीतरी पत्रकं छापत होतं. एका संध्याकाळी उस्तादांना रस्त्यातून उचललं आणि एका घरात नेलं. तुरुंग नव्हे, साधं घर. बाहेर जास्वंद, गल्लीत खेळणारी मुलं. आत त्यांना भिंतीकडे तोंड करून उभं केलं. दिवस, रात्र, पुन्हा दिवस. गुडघा वाकला की बर्फाचं पाणी. पायांची सूज बुटात मावेना, तेव्हा बूट कापून काढले. एक अधिकारी फार मऊ बोलायचा. "उस्ताझ, तुम्ही थकलात. मशीन कोण चालवतं, एक नाव सांगा आणि बसा." नाव मिळेना, म्हणून उजव्या मनगटाला दोर बांधून खिडकीच्या गजाला लटकावलं. खांदा निखळला. तो कोणी बसवला नाही.

लॅपटॉपमधून वकीलबाईंनी विचारलं, "त्यांना कोणाचं नाव हवं होतं?"

"ते मी देणार नाही."

"तो माणूस हयात आहे?"

"आहे."

"मग आता भीती कसली? ते सरकार गेलं."

"भीती नाही. ते नाव माझं नाही. सुटलो त्या दिवशी मला गल्लीच्या तोंडाशी टाकून गेले. तिथून ज्याने मला उचलून घरी नेलं, तो माझा साक्षीदार. त्याचा नंबर देतो. नाव कोणाचं होतं, हे त्याला माहीत आहे. सांगायचं की नाही, हे तो ठरवेल."

त्यांनी दोस्ताचा फोन नंबर दिला. तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला, आणि मी मान खाली घातली.

पुढच्या शुक्रवारी दोस्त आला, तेव्हा उस्तादांनी त्याला माझ्यासमोरच सांगितलं. दोस्ताने त्यांचा हात दोन्ही हातांत घेतला. "इन्शाल्ला, बोलतो. हे माझं कर्ज आहे," म्हणाला. त्याच्या डोळ्यांत पाणी होतं. ते खोटं होतं, असं मला अजूनही म्हणवत नाही.

मग दोस्त शुक्रवारी यायचा बंद झाला. आधी माल अडकलाय म्हणाला, मग बरं नाही म्हणाला, मग फोनच घेईना. उस्ताद काळजी करत होते. "त्याला शुगर आहे," असं मला दोनदा म्हणाले.

एके दिवशी जेवणाच्या सुट्टीत आम्ही केबिनमध्ये असताना लंडनचा फोन आला. उस्ताद ऐकत राहिले. "नअम, नअम," म्हणजे हो, हो, एवढंच. मग म्हणाले, "पुन्हा वाचा." पलीकडून पुन्हा वाचलं गेलं. फोन ठेवल्यावर त्यांनी डब्याचं झाकण लावलं आणि विचारलं, "गाडी आहे ना तुझी? जुमेरा लेक टॉवर्सला जायचंय."

दुबईची हद्द लागल्यावर मीच विचारलं. तेव्हा त्यांनी सांगितलं. दोस्ताने लेखी उत्तर पाठवलं होतं. त्यात लिहिलं होतं, की या गृहस्थांना कधी कोणी उचललं नाही. त्या काळात ते गावी आजारी होते. हात लहानपणी खजुराच्या झाडावरून पडून मोडला होता. उलट संघटनेतले इतर लोक पकडले गेले, तेव्हा आमचा सगळ्यांचा संशय यांच्यावरच होता. नावं हेच पुरवायचे.

दोस्ताचं ऑफिस पुष्कळ वरच्या मजल्यावर. खाली तळं, कडेने धावणारे लोक. आम्हाला पाहून तो उठला. रिसेप्शनच्या मुलीला चहा सांगितला, मग दार लावून घेतलं.

"बस ना," तो म्हणाला.

उस्ताद बसले नाहीत.

"तू लिहिलंस, मी नावं दिली. कोणाचं नाव दिलं?"

दोस्त टेबलावरची पेनं सारखी करत राहिला. "हे सगळं जुनं झालं, भावा. माझा माल तिकडच्या बंदरात उतरतो. परवाने ज्यांच्या सहीने निघतात, ती माणसं तीच आहेत. सरकार बदललं, ती बदलली नाहीत. माझ्याकडे माणूस पाठवला होता त्यांनी. माझी मुलं, घर, सगळं यावर चालतं."

"मी ते नाही विचारलं. कोणाचं नाव दिलं मी?"

"कोणाचंच नाही," दोस्त म्हणाला.

"आणि तुझं?"

"नाही दिलंस."

"मग तेवढं लिही. बाकी काही लिहू नकोस. मला उचललं नाही म्हण, हात झाडावरून पडून मोडला म्हण. फक्त याने नाव दिलं नाही, एवढं लिही."

दोस्ताने मान हलवली. हो म्हणून नाही. चहा आला, तेव्हा आम्ही लिफ्टपाशी होतो.

तरीही मार्ग होता. दुसऱ्याच दिवशी वकीलबाईंनी तो सांगितला. मशीन कोण चालवायचं, हे ठाऊक असलेले आणखी दोघं हयात होते. उस्तादांनी फक्त म्हणायचं, की त्यांना हवं असलेलं नाव याच माणसाचं होतं. ते दोघं दुजोरा देतील आणि त्याचा जबाब पत्त्यांच्या बंगल्यासारखा कोसळेल. ज्याला वाचवलं, तोच चुगलखोर म्हणतोय, हे कोणालाही दिसेल.

उस्ताद म्हणाले, "नाही."

मी ओरडलोच म्हणा ना. "तुम्ही कोणाला वाचवताय? त्या माणसाने तुम्हाला विकलं."

"त्याच्यासाठी नाही ठेवलं, अबू सना," ते म्हणाले. "त्या घरातून बाहेर आलो तेव्हा माझ्याकडे हात नव्हता, नोकरी नव्हती. एवढीच एक गोष्ट होती. ती आता मी त्याच्यावर चिडून खर्च करू?"

मला ते पटलं नाही. आजही पटत नाही. तुम्हाला पटलं तर बघा.

वकीलबाईंनी साक्ष फेकली नाही, पण वादग्रस्त म्हणून बाजूला ठेवली. आणि इकडे, हेच नावं पुरवायचे, असा बोभाटा झाला. कसा झाला, हे विचारायला नको. वर्कशॉपच्या मागे एक सुदानी हॉटेल आहे. तिथे उस्ताद गेले की बाकड्यावरचे लोक आधी सरकून जागा करायचे. आता चहा संपवून उठायला लागले. एका पोरसवद्या ड्रायव्हरने, ज्याचा जन्मही तेव्हा झाला नसेल, त्यांच्या सलामला उत्तर दिलं नाही. उस्तादांनी सलाम पुन्हा केला, जरा मोठ्याने. त्याला ऐकू आलं नसावं, अशा समजुतीने. मग ते तिथे जायचे थांबले.

एकदा केबिनमध्ये ते बूट हातात घेऊन बसलेले दिसले. मी विचारलं, काय झालं. म्हणाले, "मारणाऱ्यांचा मला राग येत नाही. ते अनोळखी होते. याने मला उचलून घरी नेलं होतं. माझे पाय धुतले होते याने. आणि लिहिताना ते त्याला आठवत होतं, हेच मला सहन होत नाही." मग त्यांनी तोंड भिंतीकडे फिरवलं. मी दार ओढून घेतलं आणि बाहेर उभा राहिलो, कोणी आत जाऊ नये म्हणून.

पुढे वयामुळे कंपनीने व्हिसा वाढवला नाही. तोवर त्यांच्या देशात नवी लढाई पेटली होती, घरी परतायची सोय नव्हती. बहीण पळून इजिप्तमध्ये अस्वानला पोहोचली होती, ते तिच्याकडे गेले. विमानतळावर मी सोडायला गेलो. सामान एकच बॅग. गळाभेट घेऊन म्हणाले, "खलास, जा आता. पार्किंगचे पैसे वाढतात."

काही आठवड्यांनी पांढरी गाडी वर्कशॉपच्या दारात उभी राहिली. दोस्त उतरला. खंगला होता. उस्ताद गेल्याचं त्याला कळलं होतं. माझ्याशी हवापाण्याचं बोलला. मग आवाज खाली आणून विचारलं, "जाण्याआधी लंडनला काही बोलला? नाव दिलं त्याने?"

मला वाटलं होतं, हा माफी मागायला आलाय.

"नाही दिलं," मी म्हणालो.

"अल्हम्दुलिल्लाह," तो म्हणाला. गाडीत जाऊन बसला, पण गाडी बराच वेळ हलली नाही. मी बिलं तपासायला आत गेलो.

संध्याकाळी मी अस्वानला फोन लावला. मागे मुलांचा गलका होता. आसपासच्या निर्वासित पोरांना ते गच्चीवर शिकवत होते. आवाज बरा वाटला. सनाची चौकशी केली, हमीदाला सलाम सांगितला. मग मी म्हणालो, आज वर्कशॉपला कोण आलं होतं माहीत आहे का, आणि ते नाव घेतलं.

पलीकडे मुलं बोलतच होती. मी दोनदा हॅलो म्हटलं.

"अबू सना," अखेर ते म्हणाले, "ते नाव माझ्यासमोर घेऊ नकोस."

मग त्यांनी विचारलं, मुसफ्फाला उन्हाळा सुरू झाला का.