धोक्याचा पुरावा

परवा नातवाच्या खरचटलेल्या गुडघ्याला आयोडिन लावलं आणि त्या वासानं पोलीस ठाण्यातलं माझं टेबल डोळ्यांसमोर आलं. पिस्तुलाच्या परवान्यासाठी आलेल्या अर्जांवर चौकशीचा अहवाल मीच लिहायचो. घाटकोपरच्या एका दुकानदाराला जागा खाली कर म्हणून धमक्या येत होत्या. मी सगळ्यांदेखत त्याला म्हटलं, “नुसत्या धमक्यांचं काय घेऊन बसलात, शेठ? हल्ला झाल्याचा पुरावा आणा ना.” सगळे हसले. महिन्याभरात तो परत आला, उजव्या पंजाला पट्ट्या, अंगाला आयोडिनचा वास. “तीन बोटं गेली, साहेब. एवढा पुरावा चालेल?” मी पंजा नीट निरखला आणि लिहिलं, ‘धोका खरा आहे, मात्र अर्जदार शस्त्र चालवण्यास असमर्थ.’ अर्ज नामंजूर झाला. माझ्या मोत्यासारख्या अक्षराचं वरिष्ठांनी तेव्हा कौतुक केलं होतं. हल्ली तेच अक्षर मी नातवाकडून गिरवून घेतो.