आठ इंचांची पायरी

ओळंब्याचा दिवस पहाटे साडेचारला सुरू व्हायचा. पाच वाजता तो हत्यारं पुसून पिशवीत भरायचा. ती आदल्या संध्याकाळी पुसलेलीच असायची. साडेसहाला कामावर हजर. काम आठला सुरू व्हायचं. मधला दीड तास तो आमची कालची कामं तपासायचा. त्यामुळे तो कोणाला फारसा आवडत नसे.

तो गवंडी, मीही गवंडी. ही गोष्ट घडली तोवर आमची एकाच ठेकेदाराकडे बावीस वर्षं झाली होती. दोरीला वजन बांधून भिंत सरळ आहे की नाही पाहतात, त्या हत्याराचं नाव त्याला आम्ही दिलं. तो चिडला नाही. नाव बरोबर आहे म्हणाला. घरी भिंतीवरचा लग्नाचा फोटोसुद्धा त्याने बुडबुड्याची पाणसळ लावून टांगला होता. त्याची बायको म्हणायची, "माझा भांगही एक दिवस दोरी धरून पाडतील."

त्यांना मूलबाळ नव्हतं. त्याच घरात धाकटा भाऊ राहायचा. चार खोल्या, दोन याच्या, दोन त्याच्या, पुढचं दार एकच. धाकटा बस चालवायचा. त्याला बायको, चौदा वर्षांची मुलगी आणि सहा वर्षांचा मुलगा. मोठ्याने बोलणारा, मोठ्याने हसणारा माणूस. हत्यार हातात धरायची अक्कल अजिबात नव्हती, हौस मात्र भरपूर.

दारापुढे तीन पायऱ्या. खालच्या दोन ओळंब्याच्या, सहा-सहा इंचांच्या. तिसरीच्या वेळी तो महिनाभर बाहेरगावी कामावर होता. धाकट्याला दम निघेना. एका रविवारी त्याने ती स्वतःच बांधली. आठ इंच भरली. मग पुढे उंबरा फक्त चार इंचांवर राहिला. शिवाय डावीकडे चार सूत उतार. सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग, म्हणजे अर्धा इंच. पावसाचं पाणी डाव्या कोपऱ्यात साचायचं. नवखा पाहुणा त्या पायरीवर हमखास अडखळायचा. घरच्यांचे पाय मात्र सरावले.

ओळंबा परत आला, पायरी पाहिली आणि त्या दिवशी जेवला नाही. पुढची पाच वर्षं तो येता-जाता तिला नावं ठेवायचा. धाकटा म्हणायचा, "दादा, सिमेंटने माझं ऐकलं नाही, त्याला मी काय करू?"

मग एके दिवशी बस चालवताना धाकट्याच्या छातीत कळ आली. त्याने गाडी कडेला घेतली, हँडब्रेक ओढला आणि तिथेच गेला. वय एकोणचाळीस.

घरातल्या मोठ्यांनी ठरवलं की मुलांसमोर विषय काढायचा नाही. मुलीला शाळेतून आणून सांगितलं होतं, ते एकदाच. लहान मुलाला सांगितलं की बाबांची लांबची ड्यूटी लागली आहे. हे काम कच्चं आहे, असं मला तेव्हाच वाटलं. पण दुसऱ्याच्या घरात मी काय बोलणार?

ओळंब्याला दुःख करता येत नव्हतं. काम करता येत होतं. तीन आठवड्यांनी त्याने अर्ध्या दिवसाची रजा घेतली, सुतकाचे दिवस सोडले तर बावीस वर्षांतली पहिली. मुलं शाळेत असताना त्याने ती पायरी फोडली आणि नवी बांधली. सहा इंच, उतार बाहेरच्या बाजूला, कडा सुरीसारख्या. भावाच्या पोरांना निदान पायरी तरी नीट मिळावी, हा विचार. वर न हलणारी फळी टाकली, म्हणजे पाय ठेवता यावा. मनापासून केलेलं काम होतं, यात शंका नाही.

मुलगा धावत आला. सवयीने त्याने तिसऱ्या पायरीसाठी पाय उंच उचलला. पाय हवेतून खाली आला आणि दुसरा उंबऱ्याला अडकला. ओठ फुटला. रडला नाही. मागे वळून त्याने बाबांची पायरी कुठे गेली असं विचारलं.

मुलगी मागून येत होती. तिने पायरी पाहिली, मग काकाच्या हातातली थापी.

"तुम्हाला ती कधीच आवडली नव्हती," ती म्हणाली. "बाबा असताना हात लावला नाहीत. आता बरं फावलं."

त्यानंतर ती त्याच्याशी बोलेना. पुढच्या दाराने येणंही बंद. घराला वळसा घालून, गटाराच्या बोळातून, मोरीच्या दाराने आत यायची. आठ दिवस झाले. जेवण अर्धं टाकायची. आईशीही बोलणं कमी झालं. ओळंब्याची बायको त्याला म्हणाली, "पोरगी चिखल तुडवत मागून येते. तुम्ही बसा पुढे, आपली सरळ पायरी बघत."

कामावर तो माझ्याशेजारी विटा लावत होता. एक थर पुरा केला. मग म्हणाला, "वाकडं कसं बांधतात रे?"

मी म्हणालो, ते मला विचारतोस हा अपमान आहे. मग मात्र नीट सांगितलं. त्या पायरीचं माप कागदावर कुठे नव्हतं, पोरांच्या पायात होतं. त्यांनाच विचार. आणि रविवारी मी येतो, घमेली उचलायला.

रविवारी त्याने स्वतःची पायरी फोडायला घेतली. दीड तास लागला. धाकट्याची दहा मिनिटांत निघाली होती. मुलगा हे सगळं उंबऱ्यावर बसून बघत होता. ओळंब्याने नुसत्या विटा रचल्या आणि त्याला चढायला सांगितलं.

मुलगा चढला. अजून उंच, म्हणाला. पुन्हा रचल्या. पुन्हा चढला. आता बरोबर. डावीकडे पाणी साचायचं, त्यात तो कागदाची होडी सोडायचा, हेही सांगितलं. मी सिमेंट-वाळूचा माल कालवला. ओळंबा थापू लागला, पण हात कसला ऐकतोय. नजर हलली की उतार सपाट व्हायचा. बावीस वर्षांची सवय.

मुलगी खिडकीत उभी होती. तिला ते बघवेना.

"सरळ करताय तुम्ही," ती म्हणाली.

नऊ दिवसांतले पहिले शब्द. ओळंब्याने थापी तिच्यापुढे धरली. ती बाहेर आली आणि उकिडवी बसली. डावा कोपरा तिने दाबला. अगदी बापासारखा, म्हणजे फार वाईट.

तेवढ्यात मुलाने विचारलं, "बाबा ड्यूटीवरून आले की त्यांना कळेल का, ही आपण बांधली?"

भावजय दारात होती. तिने मान खाली घातली. ओळंब्याने हात पुसले.

"तुझे बाबा मेले," तो म्हणाला. "त्यांचं हृदय बंद पडलं. ते परत येणार नाहीत. ड्यूटीचं आम्ही खोटं सांगितलं."

मुलाने मागे वळून घरात पाहिलं. "मला वाटलंच," तो म्हणाला. "त्यांचा डबा घरातच आहे, फळीवर."

तेव्हा मुलगी रडली. पहिल्यांदाच, असं तिच्या आईने नंतर सांगितलं. मोठ्याने, नाक वाहीपर्यंत. रडू नको असं ओळंबा म्हणाला नाही. तो शेजारी बसून राहिला. घमेल्यातला माल सुकत होता. कालवलेला माल वाया घालवला म्हणून ज्याने माणसं कामावरून परत पाठवली, त्याने तो सुकू दिला. मीही हात लावला नाही.

मग मुलाचे प्रश्न सुरू झाले. दुखलं का? बस कुठे आदळली का? ओळंब्याने जे माहीत होतं ते सांगितलं, नव्हतं ते माहीत नाही म्हणाला. बस आदळली नाही. कडेला लावलेली होती, रस्त्याच्या पांढऱ्या पट्ट्याला धरून, एक ओरखडा नाही.

"जन्मात एवढी एकच गोष्ट त्याने सरळ लावली," तो म्हणाला.

मुलीला रडता रडता हसू आलं. "आणि या पायरीच्या वेळी सिमेंटने ऐकलं नाही," ती म्हणाली. भावजयही हसली. मी दुसरा माल कालवला.

पायरी झाली. आठ इंच, डावीकडे चार सूत. मुलाने लाटणं ठेवून पाहिलं, ते डावीकडे घरंगळलं, काम पास झालं. आठवडाभर मुलांनी सकाळ-संध्याकाळ पाणी मारलं. पाणी मारताना बापाच्या गोष्टी निघायच्या, बहुतेक त्याच्या फजितीच्या. दुसऱ्याच दिवशी, सोमवारी, मुलगी शाळेतून पुढच्या दाराने आली. पायरी ओली होती, म्हणून उडी मारून.

याला सोळा वर्षं झाली. ओळंबा मागच्या वर्षी कामातून निवृत्त झाला. फंडाचे पैसे मिळाले, त्यात त्याने सगळ्या घराला आणि पायऱ्यांना नवी फरशी घातली. गुडघे गेले, म्हणून काम दुसऱ्या गवंड्याला दिलं. तो तरुण गवंडी तिसरी पायरी पाहून म्हणाला, काका, ही कोणी बांधली हो, फोडून देतो, वरचे पैसे नकोत.

ओळंबा नाही म्हणाला. तिच्यावरची प्रत्येक फरशी उताराप्रमाणे तिरकी कापावी लागली. त्यात दोन दिवस जादा गेले. ओळंब्याने त्या दोन दिवसांची पूर्ण मजुरी दिली, आणि कापलेली प्रत्येक कड पाणसळ लावून तपासली, पुरेशी वाकडी आहे ना म्हणून.