टॉवेलाखालचा सौदा

अख्ख्या शिरूर-दौंडात भाव करून मला दमवलेला माणूस एकच, माझा मेव्हणा, आणि त्यानं आयुष्यात एक करडूही विकत घेतलं नाही. मी चार शेळ्यांवर धंदा उभा केलेला माणूस. यवतच्या बाजारात माझ्यासमोर भलेभले व्यापारी गप होतात. पण हा दर शुक्रवारी यायचा, एखादी शेळी धरायचा, दात बघायचा, कास बघायचा आणि असा काही पाडून भाव मागायचा की माझं डोकं फिरायचं. मी तोंड सोडलं की हा खूश. एसटीच्या तिकिटामागं माझं बोलणं बारीक अक्षरात उतरवायचा आणि शेळी तिथंच सोडून आपल्या गावी, न्हावऱ्याला निघून जायचा.

ते बोलणं कुठं जातं, हे मला न्हावऱ्याच्या यात्रेतल्या नाटकात कळलं. नाटक त्यानंच लिहिलेलं, आणि त्यातल्या शेळ्यांच्या व्यापाऱ्याचं कामही त्याचंच. माझ्या शिव्या, माझं खाकरणं, रागावलो की टॉवेल झटकून दुसऱ्या खांद्यावर टाकायची माझी सवय, त्यानं काही सोडलं नाही. सगळा गाव मागं वळून माझ्याकडं बघत होता आणि सगळ्यात जास्त माझीच बायको हसत होती. दुसऱ्या दिवशी मी त्याला धरलं. "पाव्हणं, त्यो व्यापारी मीच ना?"

तो शांतपणे म्हणाला, "न्हाई दाजी. त्यो लई गोड माणूस हाय."

नक्कल केल्याचा राग नव्हता. टाळ्या पडत होत्या त्या माझ्या बोलण्याला. हे माझ्या दाजींचं आहे, असं एकदा त्यानं कबूल करावं, एवढंच माझं मागणं. पंधरा वर्षं मी मागत राहिलो आणि तो टाळत राहिला.

तोवर तो पुढं गेला. साखर कारखान्यातली वजनकाट्यावरची नोकरी सोडली, पुण्यात स्पर्धेची नाटकं केली, मग नाटक कंपनीच्या गाडीतून गावोगाव हिंडला. सिनेमात लागला तो मात्र मरायलाच. कधी हवालदार, कधी कोतवाल, पण मध्यंतराच्या आत मेलेला. मरायचा सराव आमच्या ओसरीवर. एकदा इतका झकास मेला की शेजारच्या आबांनी कांदा फोडून त्याच्या नाकाला लावला. हा डोळे न उघडता म्हणाला, "आबा, मेल्यावर कांदा कशाला?"

शेवटी त्यानं स्वतःच सिनेमा लिहिला. व्यापारी नाटकातलाच, नटही तोच. सौद्याच्या प्रसंगात समोर खरा माणूस पाहिजे म्हणून मला बोलावलं. आमच्यात भाव तोंडानं सांगत नाहीत, टॉवेलाखाली हात घालून बोटं धरतात. एक बोट, दोन बोटं असं वाढत जातं आणि सौदा पटला की पुरा पंजा गच्च दाबतात. मी नवा सदरा शिवला, गुळगुळीत दाढी केली, दिवसभर उन्हात उभा राहिलो. दौंडच्या थिएटरात घरची बारा माणसं घेऊन गेलो. पडद्यावर टॉवेलाखाली जाणारा माझा नुसता हात, तोही मनगटापर्यंत. घड्याळावरून ओळखला. बायको म्हणाली, "हात चांगला आलाय."

पुढं दोन वर्षं मी त्याच्याशी बोललो नाही. मग त्याला अर्धांगवायू झाला आणि वाचा गेली. बायको रडत म्हणाली, चला. गेलो.

शिरूरच्या त्याच्या खोलीत तो खाटेवर उशीला टेकून बसला होता. एवढ्या माणसांचं बोलणं तोंडपाठ असलेला माणूस, आणि घशातून नुसती घरघर. मी जुनं भांडणच काढलं. "पाव्हणं, आता तरी सांगा. त्यो व्यापारी कोण?"

त्यानं चालत्या हातानं माझ्या खांद्यावरचा टॉवेल ओढला, आमच्या हातांवर टाकला आणि खालून माझं एक बोट धरलं. मी हात झटकला. त्यानं दोन धरली. त्या अवस्थेतही तो भाव करत होता.

"एवढ्यात न्हाई जमायचं," मी म्हटलं.

तीन. चार. मग त्यानं पुरा पंजा धरला आणि होती नव्हती ती ताकद लावून दाबला.

बाजारात सौदा पटला की हात सोडतात आणि दुसऱ्या गिऱ्हाइकाकडं वळतात. बायकोनं आणून ठेवलेला चहा निवून गेला, तरी त्यानं हात सोडला नाही. मीही काढून घेतला नाही.